अर्ज फेटाळला, कारण कुणी सांगत नाही. परीक्षा चौदा दिवसांवर

प्रश्न : होंडा_सत्तरी

नमस्कार. मोठं लिहिणार आहे. तोडून लिहिलं तर कुणाला नीट कळणार नाही, आणि मला खरंच मदत हवी आहे.

गोव्यातल्या एका स्वायत्त संस्थेनं एलडीसीच्या, म्हणजे कनिष्ठ लिपिकाच्या, जागा काढल्या होत्या. नाव लिहीत नाही, कारण मला तिथंच नोकरी करायची आहे. अर्ज ऑनलाइन होता. दहावी-बारावीची प्रमाणपत्रं, बी.कॉम.च्या मार्कशीट, कॉम्प्युटर कोर्सचा दाखला, एम्प्लॉयमेंट एक्स्चेंजचं कार्ड आणि पंधरा वर्षांचा रहिवासी दाखला, एवढं सगळं अपलोड करायचं होतं. शेवटच्या तारखेच्या चार दिवस आधी मी अर्ज भरला. फी कापली गेली, अर्ज क्रमांक आला. मग दोन महिने काहीच नाही.

गेल्या मंगळवारी रात्री मैत्रिणीचा मेसेज आला की याद्या लागल्या. एक पात्र उमेदवारांची, एक ‘रिजेक्टेड’ची. पात्र यादीत माझा नंबर नव्हता. तीनदा बघितलं. मग दुसरी पीडीएफ उघडली. ४१ पानं. मोबाइलवर बोटांनी मोठं करत करत २७ व्या पानावर पोचले तेव्हा माझा अर्ज क्रमांक सापडला. पुढं नाव, आणि शेवटच्या रकान्यात कारण : ‘डॉक्युमेंट्स नॉट इन ऑर्डर’. माझ्या वरच्या ओळीत तेच, खालच्या ओळीत तेच. पानभर तेच चार शब्द एकाखाली एक. कुठला कागद, त्यात काय कमी, याचं एक अक्षर नाही.

आई आतून विचारत होती, लागली का गो यादी? मी सांगितलं, साइट उघडत नाही. त्या रात्री मला झोप नव्हती.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या कदंबाच्या बसनं पणजीला गेले. कार्यालयात खिडकीवरच्या बाईंनी नाव विचारलं, यादी बघितली आणि म्हणाल्या, “लिस्ट फायनल झाली आता.” मी विचारलं, माझा कुठला कागद बरोबर नव्हता तेवढं तरी सांगा. त्या म्हणाल्या, “नावात फरक असेल बहुतेक. खूप जणांचा तोच आहे.” असेल, बहुतेक. मी हातानं लिहून नेलेला विनंती अर्ज पुढं केला, तो त्यांनी घेतला नाही. साहेब मीटिंगमध्ये होते. साडेबारापर्यंत बसले, मग जेवणाची वेळ झाली.

आता नावातल्या फरकाचं सांगते. आमचं आडनाव गावकर. मी चौथीपर्यंत गावातल्या मराठी शाळेत होते, तिथल्या हजेरीपटावर देवनागरीत ‘गांवकर’. पाचवीला हायस्कुलात गेले तेव्हा कुणीतरी ते पहिल्यांदा रोमनमध्ये लिहिलं, ‘ए’ नंतर ‘ओ’ घालून. दहावीच्या बोर्डाच्या प्रमाणपत्रावर, कॉलेजच्या कागदांवर, आधारवर तेच आलं. पण माझ्या जन्मदाखल्यावर ‘ए’ नंतर ‘यू’ आहे, आणि रहिवासी दाखला काढताना जन्मदाखला जोडला म्हणून त्याच्यावरही ‘यू’. आजोबांच्या पोर्तुगीज काळातल्या कागदावर तर ‘के’च्या जागी ‘सी’ आहे. आमच्या वाड्यावर दहा घरं असतील तर चार स्पेलिंगं निघतील. बापाचं नाव, आईचं नाव, जन्मतारीख, गाव, सगळं सगळ्या कागदांवर एकच आहे.

बाबांची थोडी काजूची बागायत आहे. मी २९ वर्षांची आहे. सत्तरीतल्या होंडा गावात एका दुकानात हिशेब लिहिते आणि गेली साडेतीन वर्षं दर संध्याकाळी अभ्यास करते. परीक्षेत नापास झाले असते तर मी इथं लिहिलं नसतं. मला परीक्षेला बसूच दिलं नाही, आणि का ते सांगितलं नाही, हे माझ्या गळ्याखाली उतरत नाही.

जाहिरातीत एक ओळ होती : अपूर्ण अर्ज कोणतीही पूर्वसूचना न देता फेटाळले जातील. ती ओळ एकदा लिहिली की पुढं सगळेच दरवाजे बंद होतात का? आणि कुणाला काय विचारू, कुठल्या कागदानं? अॅफिडेव्हिट करायला नोटरीकडे उद्याच जाऊ का? परीक्षा येत्या रविवारी नाही, त्याच्या पुढच्या रविवारी आहे.

उत्तर १ : निवृत्त_डिचोली

बाय, आधी एक काम कर. नोटरीकडे जाऊ नकोस. का ते खाली सांगतो.

मी सरकारी कार्यालयात एकतीस वर्षं काढली, शेवटची नऊ हेडक्लार्क म्हणून. अर्जांची छाननी माझ्या हातून झालेली आहे, म्हणून आतलं कसं चालतं ते सांगू शकतो. आमच्या वेळी अर्ज कागदावर यायचे. एकदा चौदा जागांसाठी तीन हजारांवर अर्ज आले होते. दोघे जण, नऊ दिवस. प्रत्येक अर्जाला एक छाननी तक्ता लावलेला असायचा. डाव्या बाजूला कागदांची नावं, उजव्या बाजूला बरोबरची खूण किंवा फुली, खाली आमची सही. संध्याकाळी सहानंतर डोळे दुखायचे आणि फुली मारणं सोपं वाटायला लागायचं. बरोबरची खूण केली आणि पुढं काही निघालं तर जाब आम्हाला विचारणार. फुली मारली तर विचारणारं कोणी नाही, उमेदवाराला ते कळतच नाही. फुलीच्या बाजूनं कललेला तराजू होता तो. आज कॉम्प्युटर आला, तरी कागद बघणारी माणसंच आहेत आणि त्यांच्यावर घाई तीच आहे.

त्या भरतीत काणकोणचा एक मुलगा होता. त्याच्या जातीच्या दाखल्यावर जावक क्रमांक नव्हता. दाखला खरा होता, सही होती, शिक्का होता. कचेरीतला माणूस क्रमांक घालायला विसरला होता. मी फुली मारली. नंतर तो वडिलांना घेऊन आला. काणकोणहून त्या काळी दोन बसगाड्या बदलून यावं लागायचं. वडिलांनी मला एवढंच विचारलं, “क्रमांक आम्ही घालायचा असतो काय?” माझ्याकडे उत्तर नव्हतं. मी त्यांना साहेबांकडे पाठवलं, साहेबांनी यादी फायनल झाली म्हणून सांगितलं. ते दोघे जिन्यावरून उतरताना मी खिडकीतून बघितले. निवृत्त होऊन आठ वर्षं झाली, तो बाप अजून डोळ्यासमोरून जात नाही. एक पोस्टकार्ड त्यांना आधी गेलं असतं तर चार दिवसांत क्रमांक घालून आला असता.

आता तुझं. यादीत जे चार शब्द आहेत ते कारण नव्हे, तो गठ्ठ्यावर लावलेला मथळा आहे. खरं कारण छाननी तक्त्यावर असतं, कुठल्यातरी एका ओळीपुढं फुली. खिडकीवरच्या बाईंनी तो तक्ता बघितलेला नाही, त्यांनी अंदाज केला. आणि तू त्या अंदाजावर अॅफिडेव्हिट करायला निघालीस. समजा फुली एम्प्लॉयमेंट कार्डावर असेल, नूतनीकरणाची तारीख उलटलेली असेल? समजा दाखल्याची दुसरी बाजू स्कॅन झाली नसेल? समजा अपलोड केलेलं अंधुक असेल? तू आडनावाचं अॅफिडेव्हिट घेऊन जाशील, आणि कागदोपत्री असं होईल की नावातला फरक तू स्वतःच कबूल केलास. न विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर देऊ नये.

म्हणून निवेदन लिही, एका पानाचं. अर्ज क्रमांक, पद, जाहिरातीची तारीख, यादीतलं पान आणि ओळ. मग मागणी : माझा कोणता कागद, कोणत्या कारणासाठी मान्य झाला नाही ते लेखी कळवावं, माझा छाननी तक्ता दाखवावा, आणि मूळ कागद दाखवण्याची संधी परीक्षेपूर्वी द्यावी. रडगाणं नको, रागही नको. दोन प्रती ने. खिडकीवर देऊ नकोस, आवक विभागात दे. दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय हलू नकोस. घेत नाही म्हणाले तर भांडू नकोस. शांतपणे विचार, नाही घेत असं लिहून देता का? बहुतेक वेळा तिथंच शिक्का पडतो. तरीही नाही घेतलं तर त्याच दिवशी स्पीड पोस्टानं पाठव, शिवाय जाहिरातीतल्या ईमेलवर स्कॅन करून पाठव, आणि पावती फायलीत लाव.

‘पूर्वसूचना न देता’ या ओळीबद्दल. ती ओळ आम्हीच टाईप करायचो. हजारो लोकांना वेगवेगळी पत्रं पाठवण्याचा खर्च आणि वेळ वाचावा म्हणून ती असते. विचारायला आलेल्या माणसालाही कारण सांगू नये, असं तिच्यात कुठंच लिहिलेलं नाही.

उत्तर २ : बार्देशकर_७

मी थोडं वेगळं लिहितो, राग मानू नये.

मागच्या एका भरतीच्या वेळी माझा रहिवासी दाखला वेळेत झाला नाही. कचेरीच्या तीन फेऱ्या मारल्या. जाहिरातीत स्पष्ट लिहिलं होतं की शेवटच्या तारखेला सगळे कागद हवेत, म्हणून मी अर्जच भरला नाही. नंतर कळलं की दोघा-तिघांचे दाखले मागाहून घेतले. माझी काय चूक होती? नियम खरा मानला ही?

त्यामुळे ‘संधी द्या, संधी द्या’ म्हणताना आमच्यासारख्यांचा विचार कोण करणार? कागद नीट लावणं हीसुद्धा एलडीसीच्या कामाची पहिली परीक्षाच आहे. पुढं हीच माणसं लोकांचे कागद तपासणार. कारण सांगावं, हे मला पटतं. पण कारण सांगितल्यावर प्रत्येकाला दुरुस्ती करू दिली तर शेवटच्या तारखेला अर्थ काय राहिला?

होंडा_सत्तरी

काका, तुम्ही इतकं मनापासून लिहिलंत, दोनदा वाचलं. अॅफिडेव्हिट थांबवलं. निवेदन आज रात्री लिहिते.

बार्देशकर दादा, राग नाही. तुमच्यावर झालं ते चुकीचंच झालं. पण बघा, तुमच्याकडे दाखला नव्हता. माझ्याकडे आहे, आणि तो शेवटच्या तारखेच्या आधीच्या तारखेचा आहे. मी नवीन काही आणून जोडते असं म्हणत नाही. जो कागद मी दिलाय तो तुम्ही का मानला नाहीत, एवढंच विचारते. आणि तुमच्या वेळी ज्यांचे दाखले मागाहून घेतले ते का घेतले, हेही कुणी लिहून ठेवलं नसणार. आतल्या आत ठरलं म्हणून तुम्ही बाहेर राहिलात, आणि मीही तशीच बाहेर राहिले.

उत्तर ३ : पर्वरी_वकील

उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठात वकिली करते, सेवाविषयक प्रकरणं बऱ्यापैकी बघते. हा सल्ला सर्वसाधारण समजावा, कागद बघितल्याशिवाय याहून पुढचं सांगता येत नाही.

वरच्या दोघांच्या बोलण्यात जो फरक आला, तोच न्यायालयं करत आली आहेत. पात्रता एक आणि पात्रतेचा पुरावा वेगळा. पात्रता शेवटच्या तारखेला असलीच पाहिजे, तिथं सूट नाही. पुराव्यातल्या त्रुटीबाबत मात्र न्यायालयं काही वेळा मोकळ्या मनानं बघतात. ओडिशातल्या वैद्यकीय प्रवेशाच्या एका प्रकरणात, माजी सैनिकाच्या मुलीला जिल्हा सैनिक मंडळानंच चुकीचा दाखला दिला होता. सर्वोच्च न्यायालयानं २००४ मध्ये सांगितलं की पुरावा सादर करण्याच्या नियमातल्या प्रत्येक चुकीपायी उमेदवारी रद्द व्हायलाच हवी असं नाही. तुमच्याशी अधिक जवळचं प्रकरण बिहार पोलीस शिपाई भरतीचं. मुलानं सायबर कॅफेत अर्ज भरला आणि १८ डिसेंबर १९९७ ऐवजी ८ डिसेंबर पडलं. लेखी आणि शारीरिक चाचणी उत्तीर्ण होऊनही त्याला बाद केलं. २ जानेवारी २०२४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं ही चूक क्षुल्लक ठरवली. दोन्ही तारखांनी तो पात्रच होता, त्या चुकीमुळे त्याला काडीचाही फायदा नव्हता. ‘ओ’ आणि ‘यू’च्या फरकाला हेच लागू पडतं असं माझं मत आहे.

पण बार्देशकरांचा मुद्दा हलका नाही. १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं असंच म्हटलं होतं : जाहिरातीतली अट एखाद्यासाठी सैल केली तर, ती अट वाचून ज्यांनी अर्जच केला नाही अशा सगळ्यांवर अन्याय होतो. आणि अलीकडचे निकाल कडक आहेत. २०२२ च्या नागरी सेवा परीक्षेत काही उमेदवारांनी ईडब्ल्यूएसचा (आर्थिकदृष्ट्या दुर्बल घटकाचा) योग्य दाखला मुदतीत दिला नव्हता, त्यांच्या याचिका ऑक्टोबर २०२३ मध्ये फेटाळल्या गेल्या. उत्तर प्रदेश पोलीस भरतीत ओबीसी दाखला जाहिरातीत सांगितलेल्या नमुन्यात नव्हता, तिथंही २०२५ मध्ये उमेदवाराच्या विरुद्ध निकाल लागला. त्यामुळे ‘किरकोळ चूक आहे, कोर्ट सोडवील’ असं गृहीत धरू नका. जाहिरात परत एकदा शब्दन् शब्द वाचा. नाव सर्व कागदांवर सारखंच असावं, फरक असल्यास अॅफिडेव्हिट जोडावं, असं कलम तिच्यात असेल तर तुमची बाजू कमकुवत होते. नसेल तर बरीच भक्कम.

कारणाबद्दल दोन गोष्टी पक्क्या लक्षात ठेवा. माहिती अधिकार कायदा, २००५ च्या कलम ४(१)(घ) प्रमाणे, निर्णयाची कारणं बाधित व्यक्तीला देणं हे सार्वजनिक प्राधिकरणाचं कर्तव्य आहे, मागितली नसली तरी. सरकारी स्वायत्त संस्था त्यात येते. निवेदनात हे कलम घाला. दुसरी गोष्ट, मोहिंदरसिंग गिल प्रकरण. १९७७ ची लोकसभा निवडणूक, फिरोजपूर मतदारसंघ. तिथं सर्वोच्च न्यायालयानं तत्त्व घालून दिलं की आदेश ज्या कारणांवर काढला त्याच कारणांवर तो टिकला पाहिजे, मागाहून प्रतिज्ञापत्रात नवी कारणं घालून त्याला टेकू देता येत नाही. म्हणून त्या यादीची पीडीएफ आजच उतरवून ठेवा, तारखेसकट. उद्या संकेतस्थळावर दुसरी यादी चढली तर पहिली तुमच्याकडे असली पाहिजे.

माहिती अधिकाराचा अर्जही टाका, १० रुपये शुल्क. फक्त त्याच्यावर विसंबू नका. उत्तराला ३० दिवसांची मुदत असते, तुमची परीक्षा त्याआधी होऊन जाईल. तो पुढच्या लढाईसाठी.

राज्य सरकारी भरतीच्या तक्रारींसाठी आपल्याकडे वेगळं सेवा न्यायाधिकरण नाही. त्यामुळे राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली थेट पर्वरीला, उच्च न्यायालयात, रिट याचिका. अशा वेळी मागणी असते ती तात्पुरत्या परीक्षेची : उमेदवाराला बसू द्या, निकाल बंद पाकिटात ठेवा, हक्काचा प्रश्न नंतर बघू. न्यायालय हे देतंच असं नाही, पण परीक्षेच्या आधी आलात तरच विचार होतो. परीक्षा झाल्यावर आलात तर पहिला प्रश्न तुम्हालाच, इतके दिवस कुठं होता? तेव्हा निवेदन उद्या, उत्तरासाठी तीन-चार दिवस, नाही आलं तर लगेच वकील. फीची काळजी असेल तर विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. १९८७ च्या कायद्याप्रमाणे स्त्रीला मोफत वकील मिळतो, उत्पन्न कितीही असो.

उत्तर ४ : साखळी_बी

मी केंद्राच्या एसएससीच्या, म्हणजे स्टाफ सिलेक्शन कमिशनच्या, परीक्षा देतो. तिथं अर्जाची मुदत संपल्यावर दुरुस्तीसाठी काही दिवसांची खिडकी उघडतात. पहिल्या दुरुस्तीला २०० रुपये, दुसऱ्यांदा केली तर ५००. मुदत सगळ्यांना सारखी, कुणाची ओळख लागत नाही, पणजीला जावं लागत नाही. बार्देशकरांची हरकत आणि होंड्याच्या ताईंचं दुःख, दोन्ही अशा खिडकीनं बरंच कमी होईल. फेटाळण्याआधी नुसतं पाच दिवस ‘या कागदात ही त्रुटी आहे’ असं लॉगिनमध्ये दिसलं तरी पुरे. ताई, तुम्ही निवेदनात हेही एका वाक्यात लिहा. तुमच्या कामी येणार नाही कदाचित, पण कुणीतरी वाचेल.

होंडा_सत्तरी (तीन दिवसांनी)

झालं ते लिहिते, इथल्या सगळ्यांना कळायला हवं.

सोमवारी निवेदन घेऊन गेले. आवक विभागात एक वयस्क गृहस्थ होते. त्यांनी कागद वाचला, कलम ४(१)(घ) वर बोट ठेवून थांबले, आणि काही न बोलता शिक्का मारला. आवक क्रमांक आणि तारीख घातली. नाही म्हणाले तर काय बोलायचं ते वाटेत बसमध्ये घोकलं होतं, त्याची गरज पडली नाही. ईमेलही पाठवला, आणि साखळीच्या भावानं सांगितलेलं वाक्यही घातलं.

काल दुपारी फोन आला की छाननी तक्ता बघायला या. आज सकाळी गेले. एका अधिकारी बाईंनी कॉम्प्युटरवर माझा अर्ज उघडला. नावाच्या ओळीपुढं बरोबरची खूण होती. आडनावाला कुणीही हरकत घेतलेली नव्हती. फुली होती रहिवासी दाखल्यापुढं, आणि शेरा : ‘नॉट लेजिबल’. त्यांनी मी अपलोड केलेला दाखला पडद्यावर मोठा केला. नाव वाचता येत होतं, गाव वाचता येत होतं. पण खालचा निळा शिक्का पसरून नुसता डाग झाला होता आणि त्यातली तारीख दिसत नव्हती. साइटवर फाइल २०० केबीच्या आत हवी होती, म्हणून होंड्याच्या झेरॉक्सवाल्यानं ती दाबून लहान केली होती. माझ्या घरी मूळ दाखला आहे, त्यावर तारीख स्वच्छ आहे. मी अपलोड केल्यावर उघडून बघितलं नाही, ती चूक माझी. पण ‘तारीख वाचता येत नाही, मूळ दाखवा’ असं कुणी सांगितलं असतं तर त्याच दिवशी दाखवला असता.

काका, तुमचं ऐकलं नसतं तर मी आज नोटरीनं शिक्का मारलेलं आडनावाचं अॅफिडेव्हिट घेऊन तिथं उभी असते.

मूळ दाखला बरोबर नेला होता. बाईंनी तो हातात घेतला, पालथा करून बघितला, झेरॉक्स काढून घेतली आणि दुसऱ्या अर्जासोबत फायलीला लावली. त्यालाही आवक क्रमांक घेतला. त्या म्हणाल्या, निर्णय समितीचा आहे, शुक्रवारी बैठक आहे, मी टिपण ठेवते. मी विचारलं, ज्यांची शंभरेक स्कॅन अशीच आली असतील त्यांचं काय? त्या म्हणाल्या, विचारायला आतापर्यंत तीनच जण आले. माझ्या पानावर वरखाली जे नंबर होते ते कुणाचे आहेत मला माहीत नाही. कुणी हे वाचत असेल आणि त्या यादीत असेल तर शुक्रवारच्या आत जा, मूळ कागद घेऊन.

पर्वरी_वकील

चांगलं झालं. शुक्रवारी संध्याकाळपर्यंत होकार लेखी आला नाही तर वाट बघू नका. शनिवारी सकाळी सगळे कागद घेऊन या. मूळ जाहिरात, फेटाळलेली यादी, दोन्ही पोच, स्कॅन केलेली फाइल आणि मूळ दाखला. सोमवारी न्यायालयापुढं तातडीनं उल्लेख करता येतो.

निवृत्त_डिचोली

आणि बाय, बस शुक्रवारची सकाळचीच धर. बैठक किती वाजता आहे ते विचारून घेतलंस का? नसेल तर उद्या फोन करून विचार. बैठक सुरू व्हायच्या आधी तुझी फाइल टेबलावर गेली की नाही तेवढं बघ, बाहेर बाकावर बस. फाइल खालच्या कपाटात राहिल्यामुळे गेलेली माणसं मी बघितली आहेत.

होंडा_सत्तरी

साडेदहाला आहे. सहाच्या बसनं निघते. बाबा म्हणतात, ते पण येतील.